मौनाच्या देवळाला दार हवे

साठी उलटली की माणसे नातवंडांत रमतात, यात्रा कंपनीबरोबर चारधाम करून येतात, नाहीतर सोसायटीच्या निवडणुकीला उभी राहतात. मी एक धर्म काढायला घेतला. घाबरून जाऊ नका, कागदावरच! बँकेत अडतीस वर्षे आकडे जुळवता जुळवता तीन-चार कादंबऱ्या लिहून झाल्या होत्या. निवृत्तीनंतरची पहिली कादंबरी जरा निवांत, मनाजोगती लिहावी असे ठरवले. विषय घरबसल्या मिळाला. खालच्या मंडपातले ध्वनिवर्धक, समोरच्या इमारतीतले ड्रिलिंग, प्रत्येकाच्या खिशात वेगळ्या सुरात केकाटणारा मोबाइल आणि दूरचित्रवाणीवर एकाच वेळी बोलणारी आठ तोंडे. या सगळ्याला कंटाळलेल्या माणसाला जे सुचेल तेच मला सुचले. डोंगरात दडलेले एक गाव, आणि त्या गावाचा देव म्हणजे शांतता. मूर्ती नाही, पोथी नाही, आरती नाही. मौन हेच दैवत.

धर्म रचणे हा फार मजेचा उद्योग असतो, हे मी अनुभवाने सांगतो. माझ्या गावच्या देवळात घंटा होती, पण तिचा लोलक काढून ठेवलेला होता. भक्ताने यायचे, घंटेला नुसता हात लावायचा आणि जो आवाज झाला नाही तो ऐकायचा. बारशाला आत्या बाळाच्या कानात नाव सांगे. ते नाव पुढे जन्मभर कोणी उच्चारायचे नाही. लग्नात मंगलाष्टके नाहीत, त्यामुळे देण्याघेण्यावरून होणारे मानापमानही नाहीत. वर्षाचा सण म्हणजे एक संपूर्ण दिवस असा, की गावात पाटा-वरवंट्याचाही आवाज होऊ द्यायचा नाही. आणि पाप? पाप एकच. बोलणे.

आमच्या घरी पहिली सहा प्रकरणे वाचून झाली, तेव्हा सौभाग्यवती म्हणाल्या, "अहो, छान आहे सगळं. पण तुमच्या त्या गावात एखाद्या बाईला नवरा मारत असेल, तर ती कुणाला सांगणार?"

मी हसून वेळ मारून नेली. पण प्रश्न मनात राहिला, आणि नवव्या प्रकरणात तो वेगळे रूप घेऊन पुढे उभा ठाकला. कथेच्या ओघात एका विधवेची जमीन देवळाचा कारभारी खोट्या कागदाने घशात घालतो. हे पाहणारा साक्षीदार एकच, एक तरुण पोरगा. त्याने बोलावे तर धर्म बुडतो, न बोलावे तर विधवा बुडते. मी महिनाभर त्या पोराला देवळाच्या पायरीवर बसवून ठेवले. तो काही उठेना, आणि माझाही हात पुढे सरकेना.

हात का सरकत नव्हता ते मला ठाऊक होते. त्या पोराला मी ओळखत होतो.

एका बैठकीतले मौन

गोष्ट १९९१ सालची. तालुक्याच्या गावच्या शाखेत मी तिशीतला अधिकारी होतो. संगणक अजून यायचे होते. लाल कापडी बांधणीची जाडजूड लेजरे आणि पितळी टोकन यांवर कारभार चाले. एका संध्याकाळी कॅश मिटवायच्या वेळी आमच्या व्यवस्थापकांनी कॅशियरला पिंजऱ्याबाहेरून सांगितले, की अमुक व्यापारी आले आहेत, त्यांना बावीस हजार देऊन टाका, चेक उद्या सकाळी येईल. कॅशियरने चिठ्ठीवर आकडा लिहून घेतला आणि पैसे दिले. नियमात हे बसत नव्हते. पण वरिष्ठांचा शब्द, बाजारपेठेतले मोठे गिऱ्हाईक आणि लहान गाव. चेक दुसऱ्या दिवशी आला नाही, तिसऱ्या दिवशीही नाही. चौथ्या दिवशी तपासनीस अचानक आले. रोकड बावीस हजारांनी कमी. चिठ्ठी कुठे सापडली नाही. व्यापाऱ्याने कानांवर हात ठेवले आणि व्यवस्थापकांना काही आठवेना.

माझे टेबल पिंजऱ्यापासून सहा फुटांवर होते. मी तो शब्द माझ्या कानांनी ऐकला होता.

चौकशीच्या बैठकीत शेवटी साहेबांनी सगळ्यांकडे पाहून विचारले, "आणखी कुणाला काही सांगायचं आहे?" मी टेबलावरच्या काचेच्या पेपरवेटकडे पाहत राहिलो. त्यात एक निळे फूल होते. ते मला आजही काढून दाखवता येईल. माझ्या बढतीची मुलाखत दोन महिन्यांवर आली होती. मी खोटे बोललो नाही. मी काहीच बोललो नाही. मौन म्हणजे संमती, हे आपण लहानपणापासून ऐकतो. त्या दिवशी माझे मौन कशाला संमती देत होते, हे मला पुरते कळत होते.

कॅशियरची नोकरी वाचली, पण वेतनवाढी गेल्या आणि ती रक्कम पगारातून हप्त्याहप्त्याने कापायचे ठरले. पगारपत्रक करण्याचे काम माझ्याकडे होते. बदली होईपर्यंत दर महिन्याला मी त्याच्या नावापुढे ती कपात लिहीत होतो आणि खाली सही करीत होतो. त्याने मला कधी काही विचारले नाही.

असो. तर कादंबरी अडली ती इथे. मग मी लिहिणे थांबवले आणि मौनाला पवित्र मानणाऱ्या खऱ्याखुऱ्या माणसांकडे वळलो. त्यांनी हे कोडे कसे सोडवले, हे मला पाहायचे होते.

मुक्यांच्या खुणा आणि चिठ्ठ्या

पहिली गोष्ट लक्षात आली ती अशी, की मौन पाळणाऱ्यांनी बोलण्याची सोय कुठे ना कुठे करून ठेवलेलीच असते.

आपल्या नगरचेच उदाहरण घ्या. (शहराचे नाव २०२४ पासून अहिल्यानगर झाले आहे.) नगरहून दौंडकडे जाताना अरणगावाजवळ मेहेराबाद लागते. पुण्यात १८९४ साली एका इराणी कुटुंबात जन्मलेल्या मेहेरबाबांनी इथे १० जुलै १९२५ रोजी मौन धरले, आणि ३१ जानेवारी १९६९ रोजी देह ठेवेपर्यंत, म्हणजे साडेत्रेचाळीस वर्षांहून अधिक काळ, ते पाळले. आजही १० जुलैला त्यांचे अनुयायी दिवसभर मौन पाळतात. पण बाबा मुके बसले होते असे समजू नका. त्यांच्यापुढे इंग्रजी मुळाक्षरांची एक पाटी असे. तीवर त्यांचे बोट भराभर फिरे आणि जवळचा शिष्य ते मोठ्याने वाचून दाखवी. ग्रंथसुद्धा त्यांनी अशाच रीतीने सांगितले. १९५४ साली त्यांनी पाटीही सोडली आणि केवळ हातांच्या खुणा ठेवल्या. जीभ थांबली तरी सांगणे थांबले नव्हते.

युरोपातल्या ट्रॅपिस्ट मठांबद्दल असाच एक समज आहे, की तिथले साधू मौनाची शपथ घेतात. वस्तुतः अशी शपथ नसते. सहाव्या शतकातल्या संत बेनेडिक्टच्या नियमावलीत कमी बोलण्यावर एक प्रकरण आहे आणि ते मठ ते कसोशीने पाळत आले. पण विळा हवा, भाकरी हवी, पाणी हवे, हे सांगावे लागतेच. त्यासाठी शतकानुशतके त्यांच्यात हातांच्या खुणांची एक भाषाच नांदली.

इगतपुरीला धम्मगिरीवर १९७६ पासून सत्यनारायण गोएंका यांच्या परंपरेतली दहा दिवसांची विपश्यना शिबिरे चालतात. पहाटे चारला घंटा होते आणि साधकाने नऊ दिवस आर्य मौन पाळायचे असते. बोलणे तर नाहीच, खाणाखुणाही नाहीत. तिथेही साधनेत अडचण आली तर आचार्यांशी बोलता येते आणि पांघरूण कमी पडले तर व्यवस्थापकाला सांगता येते. दहाव्या दिवशी मौन सुटते. बाहेरच्या गलबल्यात जाण्यापूर्वी साधकाला बोलण्याची पुन्हा सवय व्हावी, असा त्यामागे विचार आहे.

तिकडे बालीमध्ये हिंदू लोक शक संवत्सराचा आरंभ न्येपी या मौनदिनाने करतात. शक तोच, दिवसही आपल्या गुढीपाडव्याच्या आसपासचा. आपण ढोलताशे लावून शोभायात्रा काढतो. ते आदल्या संध्याकाळी राक्षसांचे अक्राळविक्राळ पुतळे मिरवून सारा गोंगाट संपवतात आणि दुसऱ्या दिवशी दिवा नाही, काम नाही, प्रवास नाही, करमणूक नाही. विमानतळसुद्धा चोवीस तास बंद असतो. माझ्या कादंबरीतला सण मी स्वतःच्या डोक्यातून काढला असे समजत होतो. तो तिथे कधीचाच साजरा होत होता! फरक एवढाच, की बालीत त्या दिवशीही रुग्णवाहिकेला वाट मिळते. माझ्या गावात मी ती ठेवलेली नव्हती.

आणि गांधीजी? त्यांचा सोमवार मौनाचा, हे सर्वश्रुत आहे. २ जून १९४७ हा दिवस सोमवार होता. फाळणीची योजना घेऊन आलेल्या व्हाइसरॉय माउंटबॅटन यांना गांधीजी भेटले ते या मौनवारी. जुन्या पाकिटांच्या पाठीवर पेन्सिलीने लिहून त्यांनी आपले म्हणणे सांगितले. हे व्रत घेताना आपण दोन अपवाद ठेवले होते, असे त्यांनी त्यात लिहिले आहे: तातडीच्या कामासाठी मोठ्या अधिकाऱ्यांशी बोलणे आणि आजाऱ्याची शुश्रूषा. पण आज मी मौन सोडावे अशी तुमची इच्छा नाही, हे मला ठाऊक आहे, अशा अर्थाची पुस्तीही त्यांनी जोडली. दार होते, उघडता येत होते, आणि त्यांनी ते उघडले नाही. त्यांनी बोलायला हवे होते का, यावर पंडित वाद घालोत. दार कुठे आहे हे त्यांना पक्के माहीत होते आणि ते त्यांनी समोरच्याला दाखवूनही दिले, एवढे मला महत्त्वाचे वाटले.

शांत बसणाऱ्यांच्या बँका

पण ज्यांच्यापाशी मी सगळ्यांत जास्त काळ रेंगाळलो, ते लोक म्हणजे इंग्लंडचे क्वेकर. याला कारण माझा पेशाही असेल. क्वेकरांच्या बँका मला माहीत होत्या. त्यांचा धर्म मात्र मला माहीत नव्हता.

सतराव्या शतकात इंग्लंडमध्ये यादवी माजली असताना जॉर्ज फॉक्स नावाच्या एका विणकराच्या मुलाने सांगायला सुरुवात केली, की देव आणि माणूस यांच्यामध्ये पुरोहिताची गरज नाही. प्रत्येकाच्या आत प्रकाश आहे, शांत बसा म्हणजे तो दिसेल. १६५० साली डार्बीच्या न्यायाधीशापुढे त्याला उभे केले, तेव्हा त्याने न्यायाधीशालाच देवाच्या शब्दापुढे थरथर कापायला सांगितले. न्यायाधीशाने चिडून त्याला 'क्वेकर', म्हणजे थरथरणारा, म्हटले. शिवी होती, ती नाव होऊन बसली. ते स्वतःला मात्र 'मित्र' म्हणवतात.

त्यांची उपासना अशी. साधी खोली, बाके किंवा खुर्च्या, वेदी नाही, प्रवचनकार नाही. लोक येऊन बसतात आणि साधारण तासभर गप्प राहतात. या शांततेत एखाद्याला आतून खरोखर उमाळा आला तर तो उठतो, चार वाक्ये बोलतो आणि खाली बसतो. मग तो पुरुष असो, बाई असो, श्रीमंत असो की गडी. त्याला कोणी उत्तर देत नाही, वाद घालत नाही. पुन्हा शांतता. कधीकधी सबंध तासात कोणीच बोलत नाही. शेवटी शेजारी शेजाऱ्याशी हस्तांदोलन करतो आणि सभा संपते. कामकाजाच्या सभाही याच पद्धतीने चालतात. मतदान नाही, सगळ्यांचा कौल कुठे आहे हे शांततेतून उमगेपर्यंत थांबायचे.

एवढ्या निरुपद्रवी लोकांचा राजसत्तेला काय त्रास होणार, असे आपल्याला वाटेल. पण हजारोंच्या संख्येने त्यांना तुरुंगात टाकण्यात आले. ब्रिस्टलमध्ये १६८२ साली मोठी माणसे कोठडीत गेली, तेव्हा मुलांनीच सभा चालू ठेवल्याची नोंद आहे. चिडीचूप बसलेली ती मुले मी बराच वेळ डोळ्यांसमोर आणत होतो.

हे लोक शपथ घेत नसत. शपथेवर खरे बोलायचे तर एरवी काय खोटे बोलायचे, हा त्यांचा प्रश्न. दुकानात घासाघीस करीत नसत, कारण आधी खोटा आकडा सांगून मग खरा सांगणे म्हणजे असत्यच. एकच भाव. पोराला पाठवले तरी फसवणूक नाही. विद्यापीठांची आणि सरकारी पदांची दारे बंद होती, म्हणून ते व्यापारात शिरले. लोकांचा विश्वास होता, म्हणून लोक त्यांच्याकडे पैसे ठेवू लागले. बार्कलेज बँकेचे मूळ १६९० साली लंडनच्या लोंबार्ड स्ट्रीटवर क्वेकर सराफांनी मांडलेल्या पेढीत आहे. १७६५ साली बर्मिंगहॅमला लॉइड्स बँक सुरू करणाऱ्यांत सॅम्पसन लॉइड हा क्वेकर होता. कॅडबरी, फ्राय, राउंट्री ही चॉकलेटवाली घराणीही त्यांचीच. कमी बोलणारा माणूस आणि सुरक्षित ठेव, हे समीकरण बँकेतल्या माणसाला लगेच पटते.

पण चोख हिशेबात वजाबाकीही दाखवावी लागते. क्वेकर घराण्यांच्याच व्यवसायातून वाढलेली ओव्हरएंड-गर्नी ही लंडनची बडी पेढी १८६६ च्या मे महिन्यात कोसळली आणि हजारो कुटुंबे बुडाली. पेढी आतून पोखरली आहे हे संचालकांना ठाऊक असताना भाग विक्रीला काढले, असा आरोप झाला. खटला चालला आणि ते निर्दोष सुटले. एका भल्या धर्मात वाढल्याने माणूस पेपरवेटकडे पाहत बसणारच नाही, अशी हमी कोणी देऊ शकत नाही.

लाल रसाचे शिंतोडे

याहून मोठी वजाबाकी अमेरिकेत गेलेल्या क्वेकरांची. पेनसिल्व्हेनियात ते सुखवस्तू झाले आणि त्यांच्यातल्या अनेकांनी गुलाम बाळगले. दर आठवड्याला तीच माणसे शांततेत बसून आतला प्रकाश शोधत होती. प्रश्न सर्वांना माहीत होता आणि सभेत तो काढायचा नाही, हेही सर्वांना माहीत होते. पवित्र मौनाचे सोयीच्या मौनात रूपांतर कधी होते ते कळत नाही. दोन्ही ऐकायला सारखीच असतात.

या सभेत बेंजामिन ले नावाचा एक माणूस होता. उंची जेमतेम चार फूट, पाठीला कुबड. पूर्वी खलाशी होता, बार्बाडोसमध्ये राहून गुलामांचे हाल त्याने डोळ्यांनी पाहिले होते. १७३८ साली वार्षिक सभा भरली असताना तो मोठा कोट घालून आला. योग्य वेळी उठला, कोट फेकला. आत सैनिकाचा वेश आणि तलवार. हातात एक पोकळ केलेले पुस्तक, त्यात रानफळांच्या लाल रसाने भरलेला फुगा. जे दुसऱ्या माणसाला गुलाम करतात त्यांचे रक्त देव असेच सांडील, अशा अर्थाचे बोलून त्याने पुस्तकात तलवार खुपसली. आजूबाजूला बसलेल्यांवर लाल शिंतोडे उडाले. त्याला उचलून बाहेर नेले आणि पंथाने त्याला आपला म्हणायचे सोडून दिले.

याच काळात जॉन वूलमन नावाचा दुसरा एक क्वेकर, पेशाने शिंपी, गावोगाव हिंडून गुलाम बाळगणाऱ्यांच्या घरी जाऊन हळू आवाजात हेच सांगत होता. एकाने शांतता फोडली, दुसऱ्याने ती वापरली. १७५८ साली फिलाडेल्फियाच्या सभेने गुलामांच्या व्यापाराविरुद्ध ठराव केला. ले तेव्हा म्हातारा झाला होता. पुढच्याच वर्षी तो गेला. १७७६ पर्यंत त्या सभेने आपल्या सभासदांना गुलाम बाळगण्याची बंदी केली. १७८७ साली लंडनला गुलामांचा व्यापार बंद करण्यासाठी समिती झाली, तिच्या बारा संस्थापकांपैकी नऊ क्वेकर होते. आणि ज्या सभांनी ले याला बाहेर काढले होते, त्यांनी अलीकडे, जवळजवळ पावणेतीनशे वर्षांनी, तो आमचाच होता असे मान्य केले. उशीर झाला, पण मान्य केले.

आपल्याकडे सेवाग्रामला नई तालीमच्या कामात अनेक वर्षे घालवलेल्या मार्जोरी साइक्स या क्वेकरच होत्या. केरळात स्वस्त आणि सुंदर घरे बांधणारे लॉरी बेकरही त्याच पंथाचे. दोघांनीही शांत बसण्याचा धर्म हातांनी काम करून पाळला.

हे सगळे वाचल्यावर माझ्या धर्मातली चूक मला कळली. मी मौन पवित्र केले होते आणि बोलणे पाप. खरे मौनी लोक असे करीत नाहीत. ते मौन पाळतात ते बोलणे मौल्यवान व्हावे म्हणून. तासभर गप्प बसलेल्या खोलीत जो उठतो, त्याचे चार शब्द सगळ्यांना ऐकावे लागतात. ज्या मौनातून उठून बोलण्याची मुभा नाही, त्याला व्रत म्हणत नाहीत. ती नुसती भीती असते.

आता राहिले ते पेपरवेट. निवृत्तीनंतर एका नोव्हेंबरात हयातीचा दाखला द्यायला गेलो होतो. रांगेत पुढे तोच कॅशियर. केस पूर्ण पांढरे. ओळख पटली, बाकावर शेजारी बसलो. बराच वेळ दोघेही काही बोललो नाही. मग मी म्हणालो, "त्या दिवशी मी ऐकलं होतं. मी बोलायला हवं होतं."

तो म्हणाला, "साहेब, तुम्ही ऐकलंय हे मला तेव्हाच माहीत होतं. तेव्हा बोलला असतात तर बरं झालं असतं." थोडे थांबून पुढे म्हणाला, "चला, नंबर आला तुमचा."

त्याने मला माफ केले असे मी म्हणणार नाही, कारण तसे तो काही बोलला नाही. नंतर आम्ही कोपऱ्यावर चहा घेतला. मुलांबद्दल, गुडघ्यांबद्दल बोललो. पैसे त्याने देऊ दिले नाहीत, स्वतःच दिले.

घरी येऊन मी नववे प्रकरण पुन्हा काढले. देऊळ तसेच ठेवले, घंटाही तशीच. फक्त काढून ठेवलेला लोलक गाभाऱ्याच्या दाराशी एका खुंटीला टांगला, कोणत्याही लहान मुलाचा हात पोचेल इतक्या खाली. गावातल्या कोणालाही तो काढून घंटेला लावता येतो. लावला, की सगळ्या गावाने जमायचे आणि ऐकायचे. तो पोरगा आता पायरीवरून उठला आहे. खुंटीपर्यंत पोचला आहे. पुढचे लिहितो आहे.